नुकागांच्या चित्रपटातली बाई

नीलिमा परचुरेनं तीन जपानी चित्रपटांत प्रमुख भूमिका केल्या आहेत, हे सिंगापूरच्या हौगांगमधल्या तिच्या ब्लॉकमध्ये कुणाला माहीत नव्हतं. मराठी मंडळात माहीत होतं, पण ते चित्रपट तिथल्या कुणीही पाहिले नव्हते. गणपतीत नव्यानं आलेल्या एखाद्या जोडप्याला कुणीतरी सांगे, "ही आमची नीलिमा, जपानी सिनेमात काम केलंय बरं का हिनं." ते जोडपं "अरे वा" म्हणे आणि तेवढ्यात आरती सुरू होई. नीलिमाला ते बरंच होतं. काय काम केलं हे सांगायची वेळ आली असती, तर तिला सांगता आलं नसतं. तिन्ही चित्रपटांत तिच्या पात्राला नाव नव्हतं. श्रेयनामावलीत लिहिलेलं असायचं, 'बाई: नीलिमा'.

जपानी ती पुण्यात शिकली. जर्मन काय, सगळेच शिकतात, असं म्हणून अण्णांनी, म्हणजे तिच्या वडिलांनी, तिला जपानीच्या वर्गात घातलं. बँकेतून थेट वर्गाच्या दाराशी येऊन ते बाहेर बाकावर बसत आणि परत जाताना स्कूटरवर तिच्याकडून नवे शब्द म्हणवून घेत. कॉलेजात तिला नाटकाचंही वेड होतं. लग्न झालं आणि नाटक सुटलं, असं बायकांच्या बाबतीत म्हणतात, तसं तिचं झालं नाही. नाटक आधीच सुटलं होतं. ती उंच, सावळी, जबडा जरा रुंद. एकांकिका बसवणारी मुलं तिला कायम शेजारीण द्यायची, नाहीतर दुसऱ्या प्रवेशात चहा घेऊन येणारी वहिनी. अण्णा मात्र प्रत्येक प्रयोगाला पहिल्या रांगेत बसत.

शैलेंद्रशी लग्न करून ती सिंगापूरला आली आणि हार्बरफ्रंटच्या एका जपानी जहाज कंपनीत दुभाषी म्हणून लागली. त्या नोकरीतूनच नुकागा तिच्या आयुष्यात आले. टोकियोहून आलेल्या या दिग्दर्शकाला फेरी टर्मिनलवर चित्रण करायचं होतं. परवानग्यांसाठी कंपनी मदत करत होती आणि भाषेसाठी नीलिमाला त्यांच्याबरोबर दिलं होतं. नुकागा बारीक, पांढऱ्या केसांचे, हळू बोलणारे गृहस्थ. गोष्ट असलेला सिनेमा त्यांना आवडत नसे. गोष्ट ऐकायची तर रेडिओ आहे की, असं ते म्हणत.

टोकियोहून एक नटीही आली होती. ती तयार होईपर्यंत प्रकाश जुळवायला कुणीतरी खुर्चीवर बसायला हवं, म्हणून नीलिमाला बसवलं. दोन दिवस असं चाललं. तिसऱ्या दिवशी नटीला परत पाठवलं.

"ती वाट पाहण्याचा अभिनय करते," नुकागा नीलिमाला म्हणाले. "तुम्ही नुसत्या बसता. निरिमा-सान, उद्यापासून तुम्हीच बसा." जपानी जिभेवर नीलिमाची निरिमा झाली होती.

चित्रपटात एवढंच होतं. टर्मिनलवर एक बाई बसली आहे, फेऱ्या येतात, माणसं उतरतात, फेऱ्या जातात. शेवटी ती उठून निघून जाते. युरोपातल्या काही महोत्सवांत तो फिरला. या चेहऱ्याकडे तासभर पाहत राहता येतं, असं एका समीक्षकानं लिहिलं. ज्या चेहऱ्यामुळे तिला आयुष्यभर शेजारणी मिळाल्या, त्याच्याबद्दल कुणीतरी असं लिहिलं होतं. ती ते वाक्य अंघोळ करताना, भाजी चिरताना मनात म्हणायची.

शैलेंद्रनं घरी डीव्हीडी लावली. पाव तास पाहून त्यानं विचारलं, "पुढे काही होतं का?"

"नाही."

"मग झोपतो गं. सकाळी कॉल आहे."

शैलेंद्र वाईट माणूस नव्हता. बँकेच्या आयटीत मॅनेजर, शांत, आवाज न चढवणारा. भांडी घासायचा, मुलीला, इराला, शाळेत सोडायचा. मंडळातल्या बायका आपापल्या नवऱ्यांना त्याचं उदाहरण देत.

अण्णांनी मात्र पुण्यात ती डीव्हीडी तीनदा पाहिली. फोनवर म्हणाले, "तू वाट फार छान बघतेस गं. मला शेवटी शेवटी वाटायला लागलं, आता कुणीतरी यावं हिच्यासाठी."

त्यानंतर दोन वर्षांनी नीलिमा आणि शैलेंद्रनं हौगांगमध्ये जुना फ्लॅट विकत घेतला. पी.आर., म्हणजे कायम राहण्याची परवानगी, मिळाली होती, इरा चार वर्षांची होती. वास्तुशांत शनिवारी ठरली. मराठी गुरुजी मोठ्या मुश्किलीनं मिळाले, पुण्याहून सासू-सासरे आले, मंडळातली चाळीसेक माणसं जेवायला बोलावली. अण्णाही येणार होते, पण डॉक्टरांनी प्रवास नको म्हणून सांगितलं.

शुक्रवारी रात्री अण्णा गेले. झोपेतच. तिच्या धाकट्या भावानं, रवींद्रनं, आधी शैलेंद्रला फोन केला, ताईला सावकाश सांगता यावं म्हणून. शैलेंद्रनं आईला उठवलं. माय-लेकांचं स्वयंपाकघरात बोलणं झालं. सासूबाईंचं म्हणणं सरळ होतं. तिला कळलं तर सुतक. कळलं नाही तर सुतक नाही. एवढं सगळं जमवलंय, माणसं बोलावलीत, पूजा होऊ दे, संध्याकाळी सांग. शैलेंद्रच्या सुतकाचं काय, हा प्रश्न त्यांना पडला नाही. जावयानं परदेशात अंघोळ केली की झालं, असं त्यांनी परस्पर ठरवून टाकलं. शैलेंद्रनं रवींद्रला कळवलं, "थांबू नका. तिला लगेच निघणं जमणार नाही."

सकाळी नीलिमा हिरवी रेशमी साडी नेसून केसांत गजरा माळत होती, तेव्हा फोनवर रवींद्रचा मेसेज आला. 'ताई, भावजी म्हणतात तू येऊ शकत नाहीस. अण्णांना संध्याकाळपर्यंत ठेवू शकतो. एकदा तूच सांग. थांबू का?'

तिनं तो दोनदा वाचला. बाहेर गुरुजी चौरंग मागत होते. शैलेंद्र सोवळं नेसून दारात आला.

"झालीस तयार?"

तिनं त्याच्याकडे पाहिलं. त्याचे डोळे तांबारलेले होते. आता सांगेल, असं तिला वाटलं. तो म्हणाला, "छान दिसतेयस. चल, मुहूर्त चुकेल."

ती पाटावर बसली. गुरुजी म्हणायचे "हाताला हात लावा", की ती त्याच्या हाताला हात लावायची आणि मनात म्हणायची, आता सांग. संकल्पाच्या वेळी म्हटलं, होमाच्या वेळी म्हटलं. त्यानं आता सांगितलं तर सगळं माफ, असं ती दर वेळी नव्यानं ठरवत होती. तो तुपाच्या आहुती देत राहिला. मग पंगत बसली. तिनं मसालेभात वाढला, आग्रह करकरून बासुंदी वाढली. मंडळातली प्रणिता म्हणाली, "बासुंदी काय झालीय गं, दूध कुठलं घेतलंस?" आणि नीलिमानं दूध कुठलं ते सांगितलं.

संध्याकाळी पाहुणे गेल्यावर शैलेंद्रनं तिला पलंगावर बसवलं, तिचे दोन्ही हात हातात घेतले आणि म्हणाला, "नीलू, मन घट्ट कर."

ती रडली. खरंच रडली. पण रडायला कुठल्या शब्दापाशी सुरुवात करायची, हे तिनं आधी ठरवलेलं होतं. 'अण्णा' म्हटल्यावर त्याच्याकडे नुसतं बघायचं आणि 'गेले' म्हटल्यावर हात सोडवून घ्यायचे. शैलेंद्र तिला धरून बसला. सगळं उरकलंय, आता घाई करून उपयोग नाही, म्हणाला. दुसऱ्या दिवशीच्या विमानानं ती पुण्याला गेली. रवींद्र दारात उभा होता. त्यानं तिची बॅग आत घेतली. मेसेजबद्दल तो काही बोलला नाही आणि तीही बोलली नाही.

पुढे कित्येक वर्षं शैलेंद्र लोकांना सांगायचा, "ते दिवस फार अवघड होते. मीच तिला सावरलं." ती शेजारी बसून मान हलवायची.

दुसरा चित्रपट जपानच्या उत्तरेकडच्या एका कोळ्यांच्या गावात झाला, ऐन थंडीत. तिनं रजा काढली. शैलेंद्रनं आईला बोलावून घेतलं आणि इराला सांभाळलं. जा, तुला बदल हवाय, म्हणाला. ते त्यानं मनापासून केलं, हे नीलिमानं कधी नाकारलं नाही.

गावात एक बंद पडलेली खानावळ होती. तिच्या स्वयंपाकघरात बसून बाई मासे साफ करते, एवढाच प्रसंग होता. नीलिमा जन्मात मासे साफ न केलेली. गावातल्या एका म्हातारीनं तिला सुरी कशी धरायची ते शिकवलं.

"करता करता बोला," नुकागा म्हणाले. "तुमच्या भाषेत. काहीही. मला अर्थ नको. सबटायटल देणार नाही. कुणाला काही कळणार नाही."

"काय बोलू?"

"जे जपानीत बोलता येत नाही ते."

तिनं सुरुवात केली बासुंदीपासून. दूध किती आटवायचं, वेलदोडा कधी घालायचा. मग त्या दिवशीची बासुंदी आली, मग हिरवी साडी, मग मेसेज. मासे हातातून निसटत होते आणि ती बोलत होती. शैलेंद्रचे तांबारलेले डोळे, पाटावर शेजारी बसून म्हटलेलं 'आता सांग', संध्याकाळचं ते रडणं, सगळं ती बोलली. "हा मला म्हणतो, मन घट्ट कर," ती माशाला म्हणाली, "आणि माझं सकाळपासून घट्टच आहे. त्याला वाटतं त्यानं मला सावरलं. मीच त्याला सावरू दिलं. अण्णा, मी एवढं चांगलं काम स्टेजवर कधी केलं नव्हतं. तुम्हीच नव्हतात बघायला."

कॅमेरा थांबल्यावर नुकागांनी तिला वाकून नमस्कार केला. "फार सुंदर," ते म्हणाले. "गाण्यासारखं." ती हसली. पाण्यानं हात बधिर झाले होते आणि तिला फार हलकं वाटत होतं. परत येताना विमानात ती सलग झोपली.

वर्षभरानं डीव्हीडी आली. तिनं ती एकटीनं पाहिली. खिडक्यांतून येणाऱ्या समुद्राच्या वाऱ्याचा आवाज नुकागांनी एवढा मोठा ठेवला होता की तिचं बोलणं त्यात बुडून गेलं होतं. मधेच 'दूध' ऐकू येई, मधेच 'अण्णा'. तिला हायसं वाटलं. थोडं वाईटही वाटलं, ते कशाचं हे तिनं तपासलं नाही.

तिसऱ्या चित्रपटाच्या वेळी तिनं पहिल्यांदा काहीतरी मागितलं. "या वेळी मला जपानी संवाद द्या." नुकागांनी जरा विचार करून दिले. चार पानांचं एक स्वगत होतं. ती कित्येक महिने त्यावर झटली. हार्बरफ्रंटला जाताना एमआरटीत, म्हणजे मेट्रोत, ओठांतल्या ओठांत म्हणायची, ऑफिसातल्या जपानी साहेबांकडून चढउतार तपासून घ्यायची. चित्रण झालं, नुकागा "उत्तम" म्हणाले. टोकियोतल्या पहिल्या खेळाला ती स्वतःच तिकीट काढून गेली.

पडद्यावर तिचा चेहरा आला, ओठ हलले आणि दुसऱ्याच कुणाचा तरी आवाज आला. तरुण, घोगरा, अस्सल टोकियोचा. नीलिमाला आधी वाटलं, यंत्रात काही बिघाड आहे. शेजारच्या खुर्चीतली मुलगी तिच्याकडे झुकली आणि कुजबुजली, "तो माझा आवाज. तुमचे ओठ फार स्पष्ट हलतात, त्यामुळे मला सोपं गेलं." आणि तिनं बसल्या बसल्या मान लववली.

बाहेर आल्यावर नुकागा म्हणाले, "तुमचं जपानी निर्दोष आहे, निरिमा-सान. तीच अडचण होती. पुस्तकासारखं ऐकू येत होतं. लोक तुमच्या उच्चारांकडे लक्ष देत बसले असते."

"मला सांगायचं तरी."

"सांगितलं असतं तर तुम्हाला वाईट वाटलं असतं."

हे वाक्य तिच्या ओळखीचं होतं.

त्यानंतर तिनं काम केलं नाही, आणि खरं सांगायचं तर कुणी दिलंही नाही. सिंगापुरातल्या एका जाहिरातवाल्यानं तिला मसाल्याच्या पाकिटावर हसणाऱ्या आजीसाठी विचारलं. ती तेव्हा बेचाळीस वर्षांची होती. नुकागा मोठे झाले. मासिकांत त्यांच्यावर लेख यायचे आणि त्यांत तिचा उल्लेख असला तर 'एक भारतीय गृहिणी, जी दिग्दर्शकाला बंदरावर सापडली' असा असायचा. ती गृहिणी नव्हती, आणि सापडायला हरवलीही नव्हती.

अशी बरीच वर्षं गेली. इरा युनिव्हर्सिटीत गेली. मग गेल्या वर्षी सिंगापुरातल्या एका कलासंस्थेनं नुकागांच्या चित्रपटांचा आठवडा ठेवला. एमआरटी स्टेशनवर पोस्टर लागलं आणि त्यावर नीलिमाचा चेहरा होता, खिडकीकडे पाहणारा, हातात सुरी. शैलेंद्रला तो कामावर जाताना दिसला. पन्नाशी ओलांडलेला शैलेंद्र पोस्टरजवळ उभा राहिला, कुणाला तरी सांगून त्यानं स्वतःचा फोटो काढून घेतला आणि मंडळाच्या ग्रुपवर टाकला. 'आपल्या नीलिमाचा चित्रपट! शनिवारी दुपारी सगळे मिळून जाऊ. तिकिटं माझ्याकडून.'

"कशाला?" नीलिमा म्हणाली. "कंटाळतील लोक."

"अगं, कधीतरी तुझं कौतुक नको का व्हायला? मी पण कधी नीट बघितलं नाही. माझी चूकच आहे ती."

त्याला खरंच तसं वाटत होतं. नीलिमाला भीती वाटली, पण चित्रपटात वारा होता. त्या वाऱ्यावर तिचा भरवसा होता. नको म्हणायला कारण द्यावं लागलं असतं, आणि कारण दिलं असतं तर सगळंच सांगावं लागलं असतं.

तीसेक मराठी माणसं आली. बायकांनी चांगल्या साड्या नेसल्या होत्या. प्रणिता होती, जगदीश आणि सरिता होते, नव्या पिढीतले दोघं-तिघं पुंगोलहून लहान मुलांना घेऊन आले होते. सुरुवातीला संस्थेच्या बाईंनी सांगितलं की ही नवी प्रत आहे, चित्र आणि आवाज दोन्ही स्वच्छ केले आहेत, आणि दिग्दर्शकांच्या इच्छेनुसार बाईचा आवाज पहिल्यांदाच पूर्ण ऐकू येणार आहे.

नीलिमाला उठून जावंसं वाटलं. एका बाजूला शैलेंद्र होता, दुसऱ्या बाजूला इरा. ती बसून राहिली.

स्वयंपाकघर आलं. वारा अगदी लांब, दारामागे ठेवल्यासारखा. आणि तिचा आवाज, तिचाच, कानाशी बोलावं तसा. बासुंदीपाशी मराठी रांगांत खसखस पिकली. "आपली बासुंदी," कुणीतरी कौतुकानं म्हणालं. मग हिरवी साडी आली. मग रवींद्रचा मेसेज आला, शब्दन् शब्द. खसखस थांबली. पुढच्या रांगेत प्रणिताची मान हळूहळू खाली गेली. शैलेंद्र हालला नाही. 'हा मला म्हणतो, मन घट्ट कर' हे वाक्य आलं तेव्हा त्यानं चष्मा काढला आणि हातात धरून ठेवला. इरानं आईकडे पाहिलं, मग बाबांकडे, मग समोर.

दिवे लागल्यावर नुकागा मंचावर आले, आता बरेच थकलेले, काठी घेऊन. एका चिनी मुलानं हात वर केला आणि विचारलं, त्या प्रसंगात ती बाई काय बोलते?

"मला माहीत नाही," नुकागा म्हणाले. दुभाषी मुलीनं त्याचं इंग्रजी केलं. "मी तिला कधी विचारलं नाही. कुणालाच कळू नये, हेच त्या आवाजाचं सौंदर्य आहे. आज ती इथे आली आहे. आपण तिला विचारू नये. फक्त टाळ्या वाजवू."

नीलिमाला उभं राहावं लागलं. सभागृह टाळ्या वाजवत होतं. मराठी रांगांनीही वाजवल्या, जरा उशिरा, एकमेकांकडे न बघता.

बाहेर चहा होता. जगदीश म्हणाला, "फोटोग्राफी छान होती." सरितानं दुजोरा दिला. प्रणिता जवळ आली, नीलिमाचा हात धरून म्हणाली, "आम्हाला काही माहीत नव्हतं गं. मी दुधाचं विचारत बसले." मग ती चहाचा कप ठेवायला गेली. पंधरा मिनिटांत सगळे पांगले.

एमआरटीत तिघं शेजारी शेजारी बसले. दोन स्टेशनं गेल्यावर शैलेंद्रनं विचारलं, "सकाळीच कळलं होतं तुला?"

"साडी नेसताना."

"मग बोलली का नाहीस?"

"तू बोलशील म्हणून."

"आणि रात्रभर मी तुला..." त्यानं वाक्य सोडून दिलं. मग म्हणाला, "एवढी वर्षं मी लोकांना सांगत होतो. तू शेजारी बसून ऐकत होतीस. मला मूर्ख बनवलंस, नीलिमा."

तिला वाटलं होतं, कधी ना कधी तो 'माझं चुकलं' म्हणेल. त्याचं मन भलत्याच ठिकाणी दुखलं होतं. आणि ते दुखणंही खोटं नव्हतं.

"पब्लिकमध्ये असं, सो ऑकवर्ड लाह," इरा खिडकीकडे बघत म्हणाली. मग हळूच, "सॉरी, आई. आय मीन, अण्णांबद्दल." आणि तिनं कानात इयरफोन घातले.

बातमी पुण्याला पोचायला आठवडाही लागला नाही. सासूबाईंचा फोन आला. आता त्या ऐंशीच्या पुढच्या होत्या, पण आवाज खणखणीत.

"तुला माहीत होतं आणि तू देवाला बसलीस?"

"आई, तुम्हालाही माहीत होतं."

"मला माहीत असून काय होतंय? सुतक तुला होतं. सुतकात वास्तुशांत केलीस तू. म्हणूनच त्या घरात काही धड झालं नाही. शैलेंद्रचं प्रमोशन अडलं, इराला दमा लागला, तुझं ते सिनेमाचं सुटलं."

वास्तुशांत पुन्हा करायचं ठरलं. आईच्या समाधानासाठी, शैलेंद्र म्हणाला. त्या दिवसापासून तो दुसऱ्या खोलीत झोपत होता. घरात बोलणं कामापुरतं उरलं होतं, पण भांडी तो अजूनही घासत होता.

"मी बसणार नाही," नीलिमा म्हणाली.

"मग कसं करायचं?"

"गुरुजींना विचार."

गुरुजी म्हणाले, अडचण नाही, पत्नी नसेल तर यजमानानं कमरेला सुपारी खोचायची. तसं ठरलं. नीलिमानं त्या आठवड्याची रजा टाकली आणि पुण्याला गेली.

रवींद्र आता पन्नाशीला आला होता. अण्णांच्याच फ्लॅटमध्ये तो आणि त्याची बायको राहत होते. इतक्या वर्षांत भाऊबहिणीत भांडण असं कधी झालं नव्हतं. दिवाळीला फोन, राखीला पाकीट, आणि मधे काही नाही. ती आली तेव्हा त्यानं बॅग आत घेतली, प्रवास कसा झाला ते विचारलं. परतायच्या आदल्या दुपारी जेवणं झाल्यावर दोघंच बसले असताना ती म्हणाली, "रवी, तुझा त्या दिवशीचा मेसेज मी वाचला होता."

"माहीत आहे," तो म्हणाला. "पोचल्याची खूण आली होती."

"मला वाटत होतं, शैलेंद्र सांगेल. त्याची वाट बघत बसले. त्यात तुला उत्तर द्यायचं..."

रवींद्र पंख्याकडे बघत होता.

"आम्ही थांबलो होतो," तो म्हणाला.

"म्हणजे?"

"भावजी नको म्हणाले तरी थांबलो. बर्फ आणला. म्हटलं, ताई काहीतरी कळवेल. हो नाहीतर नाही. काका ओरडत होते. दिवेलागणीपर्यंत थांबलो, मग उचललं."

दिवेलागणीला पुण्यात सात वाजले असतील, तर सिंगापुरात साडेनऊ. नीलिमानं मनातल्या मनात हिशेब केला. शैलेंद्रनं तिचे हात हातात घेतले होते ते सहाला. सगळं उरकलंय, असं तो म्हणाला होता, आणि त्याला खरंच तसं वाटत होतं. ती पलंगावर बसून, ठरवलेल्या शब्दापाशी रडायला लागली, तेव्हा अण्णा घरातच होते. एक फोन केला असता तर रवी सकाळपर्यंतही थांबला असता.

"तू हे कधी सांगितलं नाहीस," ती म्हणाली.

"तू विचारलं नाहीस." त्याच्या आवाजात राग नव्हता. तो केव्हाच विझला होता, आणि त्याच्या जागी दुसरं काही आलं नव्हतं. "मला वाटलं, तिथल्या व्यापात तुला नाही जमलं. सोडून दिलं मी."

तिला सांगायचं होतं की नाही, तसं नव्हतं. मग कसं होतं, ते तिला सांगता येईना. जे सांगता येत होतं ते तिनं एकदाच सांगितलं होतं, माशांना, परक्या गावात, आणि त्यातही ही गोष्ट नव्हती. रवींद्रची बायको चहा घेऊन आली, साखर कमी घालते हल्ली, म्हणाली. रवींद्रनं कप उचलला आणि उद्या विमानतळाला किती वाजता निघायचं ते विचारलं.

नीलिमा सिंगापूरला परतली. हौगांगच्या घरात नव्या वास्तुशांतीचे कलश अजून कोपऱ्यात होते. नुकागांची ईमेल येऊन पडली होती. त्या प्रसंगात खरोखर काही गोष्ट आहे, असं त्यांना कुणीतरी कळवलं होतं. आता त्यांना त्या बोलण्याचे सबटायटल करायचे होते, आणि भाषांतर तिच्यापेक्षा चांगलं कोण करणार, असं त्यांनी लिहिलं होतं. तिनं आपल्या निर्दोष जपानीत लिहिलं की तिथे सांगण्यासारखं काही नाही, एका पक्वान्नाची कृती आहे. मग ती हार्बरफ्रंटला कामाला गेली.